हाल्दोरा आणि हाल्ला: एका आइसलँडिक नटीची गोष्ट

उघडा माळ. झाड नावाला नाही, नुसतं शेवाळ आणि काळा लाव्हा. त्या माळावर पन्नाशीची एक बाई धनुष्य ताणून उभी आहे. तिचा बाण विजेच्या उच्चदाब तारांवरून पलीकडे जातो. बाणामागून दोरी जाते आणि दोरीमागून पोलादी तार. ठिणग्या उडतात, दूरच्या ॲल्युमिनियम कारखान्याची वीज जाते आणि बाई पळत सुटते.

‘कोना फेर ई स्त्रीद’ या २०१८ च्या आइसलँडिक चित्रपटाची ही सुरुवात. नावाचा सरळ अर्थ ‘बाई लढाईला जाते’. जगभर तो ‘वुमन ॲट वॉर’ या नावाने पोचला. त्या बाईचं, म्हणजे हाल्लाचं, काम केलं आहे हाल्दोरा गेयरहार्द्सदोत्तिर या अभिनेत्रीने. बाहेरच्या जगाने तिला पाहिलं ते इथेच, वयाच्या पन्नाशीत. त्यामुळे चित्रपट बघितलेल्या अनेकांच्या मनात एकच प्रश्न येतो: ही बाई इतकी वर्षं होती कुठे?

ती रंगभूमीवर होती. रोज संध्याकाळी, आइसलँडच्या राजधानीत, रेक्याविकमध्ये, साडेतीन लाख माणसांच्या देशात. पडद्यावरचं तिचं काम नीट समजून घ्यायचं तर त्यामागची ती रंगभूमी समजून घ्यावी लागते. हा लेख त्यासाठीच आहे.

आधी नावाचं कोडं सोडवू, कारण तिथेच अनेक वाचक अडखळतात. गेयरहार्द्सदोत्तिर हे आडनाव नाही. वडिलांचं नाव गेयरहार्दुर, ‘दोत्तिर’ म्हणजे मुलगी. गेयरहार्दुरची मुलगी हाल्दोरा, इतकंच. आपण नावानंतर वडिलांचं नाव लावतो आणि पुढे आडनाव जोडतो. आइसलँडमध्ये बहुतेकांचं नाव वडिलांच्या नावापाशीच संपतं, काहींचं आईच्या नावापाशी. लग्नानंतर बाईचं नाव बदलत नाही, कारण नवऱ्याशी लग्न झालं म्हणून ती कुणा दुसऱ्याची मुलगी होत नाही. छापील टेलिफोन डिरेक्टरी होती तेव्हा तीसुद्धा पहिल्या नावाने लावलेली असायची आणि राष्ट्राध्यक्षांनाही लोक पहिल्या नावानेच ओळखतात. म्हणून इथेही मी तिला हाल्दोराच म्हणेन. त्या देशात हाच आदर आहे.

आता देश. क्षेत्रफळ साधारण एक लाख तीन हजार चौरस किलोमीटर, म्हणजे महाराष्ट्राच्या एक तृतीयांश, आणि माणसं मात्र एकट्या कोल्हापूर शहरापेक्षाही कमी. एवढ्या वस्तीत व्यावसायिक नाटक कसं तगतं? तर ते शासनाच्या आणि नगरपालिकेच्या पैशावर उभं आहे, आणि लोकांना त्याची जुनी सवय आहे. रेक्याविक नाट्यमंडळ १८९७ मध्ये स्थापन झालं. कारागिरांच्या संघटनेने बांधलेल्या तळ्याकाठच्या इद्नो या लाकडी सभागृहात त्याचे प्रयोग नव्वदहून अधिक वर्षं होत राहिले. १९८९ मध्ये ते शहराच्या नव्या नाट्यगृहात गेलं. राष्ट्रीय नाट्यगृह सुरू झालं २० एप्रिल १९५० रोजी. त्याची इमारत आधीच उभी राहत आली होती, पण दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश सैन्याने ती ताब्यात घेऊन कोठारासारखी वापरली आणि नाटकाला थांबावं लागलं.

या दोन नाट्यगृहांनी त्या देशात काय घडवलं याचं एकच उदाहरण देते. रेक्याविक नाट्यमंडळाच्या प्रमुखपदी १९७२ ते १९८० एक बाई होत्या, विग्दिस फिनबोगादोत्तिर. १९८० मध्ये त्या तिथून उठल्या आणि आइसलँडच्या राष्ट्राध्यक्ष झाल्या. लोकांनी थेट मतदानाने निवडलेल्या जगातल्या पहिल्या महिला राष्ट्राध्यक्ष. कोणतं नाटक करायचं, कुणाला कोणतं काम द्यायचं, हे ठरवणारी बाई देशाच्या सर्वोच्च पदावर बसली. हाल्दोरा तेव्हा अकरा वर्षांची होती. त्याआधी पाच वर्षं, २४ ऑक्टोबर १९७५ रोजी, देशातल्या जवळजवळ नव्वद टक्के बायकांनी एक दिवस घरचं आणि बाहेरचं सगळं काम बंद ठेवलं होतं. हाल्दोराचा जन्म १९६८ चा. म्हणजे तिची पिढी हे सगळं घरातलं वातावरण म्हणून पाहत मोठी झाली. मोठं झाल्यावर पुस्तकात वाचलेली ही गोष्ट नव्हे. पुढे ती रंगमंचावर पुरुषांच्या भूमिका सहज अंगावर घेते, त्यामागे मला हे बालपण दिसतं.

आणखी एक छोटी गोष्ट, जी मला फार आवडते. त्या काळी आइसलँडमध्ये टीव्ही होता, पण गुरुवारी नसायचा. सरकारी वाहिनी १९६६ मध्ये सुरू झाली आणि १९८७ पर्यंत दर गुरुवारी तिची सुट्टी असे. सुरुवातीची बरीच वर्षं आख्खा जुलै महिनाही पडदा बंद राहायचा. त्या संध्याकाळी माणसं एकमेकांकडे जायची, गायची, नाटकाला जायची.

हाल्दोराची पहिली ओळख मात्र नाटकातली नाही, बँडमधली. ऐंशीच्या दशकाच्या उत्तरार्धात रेक्याविकमध्ये ‘रिसाएद्लान’ नावाचा बँड होता. शब्दाचा अर्थ डायनासोर. देशाबाहेर त्याला ‘रेप्टाइल’ म्हणत. त्यात ती सॅक्सोफोन वाजवायची आणि गायची. पुढे जगप्रसिद्ध झालेल्या ब्यर्क या गायिकेच्या शुगरक्यूब्ज या बँडमागे जी छोटी रेकॉर्ड कंपनी होती, तिचाच हाही बँड. हा तपशील नटीच्या चरित्रात किरकोळ वाटेल, पण तसा तो नाही. वाद्य वाजवणाऱ्या माणसाला श्वासाचं गणित येतं, दुसऱ्याची लय ऐकून आपली जागा सोडता येते. सॅक्सोफोन तर सगळा श्वासाचाच. पुढे तिच्या विनोदातली वेळ इतकी नेमकी का पडते, याचं अर्धं उत्तर इथे आहे असं मी मानते.

१९९५ मध्ये ती आइसलँडच्या सरकारी नाट्यविद्यालयातून पदवी घेऊन बाहेर पडली. हे विद्यालय पुढे तिथल्या कलाविद्यापीठात विलीन झालं, आणि त्याच विद्यापीठात तिने नंतर अभिनय शिकवला. १९९५ मध्ये तिच्यासमोर चित्रपटाचा पर्याय कितपत होता? फारसा नाही. आइसलँडने चित्रपटांसाठी सरकारी निधी उभारला तो सत्तरचं दशक संपता संपता, आणि नियमित चित्रपटनिर्मितीची सुरुवात १९८० पासून मानतात. म्हणजे सगळा चित्रपटउद्योगच जेमतेम पंधरा वर्षांचा होता, वर्षाला मोजके चित्रपट काढणारा. तिथे नट नाटकावर जगतो. शरद ऋतूत नाट्यगृहं उघडतात, उन्हाळा येता येता बंद होतात, आणि मध्यरात्रीपर्यंत उजेड असलेल्या त्या उन्हाळ्यात कॅमेरे बाहेर पडतात. नट तेच, तंत्रज्ञही बरेचसे तेच. हिवाळ्यात शेक्सपियर आणि बालनाट्य, उन्हाळ्यात चित्रपट, मधल्या फटीत रेडिओ. एकाच छापाच्या भूमिका करून तिथे पोट भरत नाही. प्रेक्षक इतके थोडे की तोच माणूस तुम्हाला वर्षात चार वेळा बघणार. दर वेळी नवं माणूस होऊन यावं लागतं.

१९९६ मध्ये तिने ‘ओर्म्सतुंगा’ केलं, आणि इथे मला जरा थांबायचं आहे.

आइसलँडचं जुनं वैभव म्हणजे सागा, तेराव्या शतकाच्या आसपास लिहिलेल्या गद्यकथा. त्यातली एक गुन्लौगुर या कवीची. जीभ इतकी तिखट की लोक त्याला ‘सर्पजिव्ह’ म्हणत. ओर्म्सतुंगा या शब्दाचा अर्थ तोच. त्याचं हेल्गावर प्रेम असतं. ‘तीन वर्षांत येतो’ असं सांगून तो परदेशी राजांच्या दरबारात कीर्ती मिळवायला जातो. परततो उशिरा. तोवर हेल्गाचं लग्न त्याच्याच प्रतिस्पर्धी कवीशी, ह्राफ्नशी, लागलेलं असतं. दोघांचं द्वंद्व होतं, मग द्वंद्वावर बंदी येते, म्हणून दोघं लढायला नॉर्वेला जातात. पाय तुटलेला ह्राफ्न पाणी मागतो. गुन्लौगुर शिरस्त्राणातून पाणी आणतो, आणि पाणी घेता घेता ह्राफ्न त्याच्या डोक्यावर वार करतो. दोघेही मरतात. हेल्गा पुढे दुसरा संसार करते आणि मरताना गुन्लौगुरने दिलेला झगा डोळ्यांसमोर धरते.

आता विचार करा: समुद्रप्रवास, राजदरबार, शेकडो माणसांची लोकसभा, लढाया. हे सगळं रंगमंचावर आणलं ते दोन नटांनी. हाल्दोरा आणि बेनेदिक्त एर्लिंगसन. दिग्दर्शक स्वीडनचे पेटर एंगक्विस्ट. ठिकाण स्केम्तिहुसिद, बेनेदिक्तच्या नटदिग्दर्शक आईवडिलांचं छोटंसं नाट्यगृह. तिथे नटाला लपायला जागाच नसते. राजा व्हायचं तर खांदे बदलायचे, म्हातारी व्हायचं तर आवाज, आणि पुढच्या वाक्याला पुन्हा निवेदक. प्रेक्षकाला सगळं दिसतं: ही बाई आता गुन्लौगुर झाली, आता हेल्गा झाली. तरी तो विश्वास ठेवतो. हाच माणूस, बेनेदिक्त, बावीस वर्षांनी ‘कोना फेर ई स्त्रीद’चा दिग्दर्शक होता. त्याने तिला धनुष्य दिलं तेव्हा तिच्या शरीरात किती माणसं मावतात, हे त्याला फार आधीपासून ठाऊक होतं.

तिच्या कामाचा दुसरा खांब म्हणजे विदूषक. विदूषक म्हटलं की आपल्याला सर्कस आठवते. युरोपातल्या नाट्यशिक्षणात मात्र विदूषक ही गंभीर विद्या आहे. लाल नाकाला तिथे जगातला सर्वांत लहान मुखवटा म्हणतात. तो चेहरा झाकत नाही, उलट उघडा पाडतो. विदूषक थेट प्रेक्षकाच्या डोळ्यांत बघतो. त्याला काही जमत नाही, तो पुन्हा प्रयत्न करतो, पुन्हा पडतो, आणि हे सगळं लपवत नाही. नटाला आपलं अपयश लपवायची सवय असते, म्हणून विदूषक होणं त्याला अवघड जातं.

हाल्दोराच्या विदूषकीचं नाव बार्बारा. जोडीला बेर्गुर थोर इंगोल्फसनचा उल्फार. या जोडीने २००८ मध्ये दान्ते या इटालियन कवीच्या महाकाव्यातला नरक, शुद्धिलोक आणि स्वर्ग लाल नाक लावून करून दाखवला. पुढच्याच वर्षी नाताळच्या सुमारास त्यांनी ख्रिस्तजन्माची गोष्ट विदूषकांच्या तोंडून सांगितली, ‘येसुस लित्ली’, म्हणजे ‘छोटा येशू’. दिग्दर्शक बेनेदिक्त, लेखनात हाल्दोराही सहभागी. पवित्र गोष्ट विदूषकाच्या हाती दिली तर तिचं पावित्र्य जाईल अशी भीती वाटते. पण भूक, थंडी, बाळंतपण, राजाची दहशत या गोष्टी सर्वांत जवळून कुणाला कळतात? ज्याला कसलाही मोठेपणा राखायचा नाही त्यालाच. त्या गोष्टीसाठी विदूषकाइतका योग्य सांगणारा नाही.

याशिवाय तिने डॉन किखोते केला. बेकेटच्या नाटकातला, झाडाखाली वाट बघणारा व्लादिमीरही केला. दोन्ही पुरुष, दोन्ही हरलेले तरी हटून बसलेले. पवनचक्क्यांवर भाला घेऊन धावणारा म्हातारा आणि विजेच्या खांबांवर बाण सोडणारी बाई, हे अंतर फार नाही.

आता पुन्हा चित्रपटाकडे येऊ. हाल्ला ही रेक्याविकमधली गायनवृंदाची संचालिका. सगळ्यांना आवडणारी, एकटी राहणारी. पण लपूनछपून ती उंच पठारावर जाऊन कारखान्याच्या वीजवाहिन्या तोडते. तिचा राग समजायला थोडी पार्श्वभूमी लागते. आइसलँडमध्ये नद्यांचं आणि जमिनीच्या पोटातल्या उष्णतेचं पाणी अमाप, म्हणून वीज स्वस्त. ॲल्युमिनियम बनवायला प्रचंड वीज लागते, म्हणून परदेशी कंपन्यांनी तिथे कारखाने काढले. पहिला १९६९ मध्ये स्त्राउमस्विकला, मग ग्रुन्दारतांगीला, आणि २००७ मध्ये पूर्वेच्या रेयदारफ्योर्दुरला. हा तिसरा चालवण्यासाठी काउरह्न्युकार इथे ६९० मेगावॅटचा जलविद्युत प्रकल्प उभा राहिला आणि उंच पठारावरचा मोठा मोकळा मुलूख पाण्याखाली गेला. त्याविरुद्ध रस्त्यावर मोर्चे निघाले, देश दोन बाजूंना वाटला गेला. आज आइसलँडच्या विजेतला मोठा वाटा या कारखान्यांतच जातो. हाल्लाचा बाण निघतो तो इथून.

तिच्या घराच्या भिंतीवर गांधीजींचा आणि नेल्सन मंडेलांचा फोटो आहे. ड्रोनच्या कॅमेऱ्यापासून लपताना ती मंडेलांचा मुखवटा चढवते. माणसाला इजा करायची नाही, तार मात्र तोडायची. हे गांधींच्या वाटेत बसतं का, हा प्रश्न चित्रपट प्रेक्षकाच्या हाती देतो. मला विचाराल तर मला तो अजून सुटलेला नाही.

मग तिला पत्र येतं. चार वर्षांपूर्वी केलेला दत्तक घेण्याचा अर्ज मंजूर झाला आहे. युक्रेनमध्ये निका नावाची लहान मुलगी तिची वाट बघते आहे. तुरुंगात गेली तर मूल जाईल, थांबली तर डोंगर जाईल.

चित्रपटात तीन वादक आहेत: ड्रम, पियानो-ॲकॉर्डियन आणि एक भलामोठा पितळी भोंगा. ते पार्श्वसंगीत वाजवतात, पण पडद्यामागे नाही. ते माळावर हाल्लाच्या मागे उभे असतात, तिच्या दिवाणखान्यात असतात. युक्रेनचा विषय आला की पारंपरिक वेशातल्या तीन गायिका येतात. हे सगळे जणू हाल्लालाच दिसतात. ही सरळ रंगभूमीची युक्ती आहे, कोरस. आणि ही युक्ती पेलते ती हाल्दोरामुळे. शेजारी ड्रम वाजतो आहे आणि आपण मात्र खऱ्या भीतीने पळतो आहोत, हे दोन्ही एकाच वेळी खरं ठेवायचं तर नटाला विदूषकाचा सराव लागतो. ती वादकाकडे एक नजर टाकते, एवढंच. मग ती थंडीने कुडकुडत मेलेल्या मेंढीच्या कातड्याखाली शिरते आणि आपणही श्वास रोखतो.

हाल्लाला एक जुळी बहीण आहे, आउसा. योग शिकवते, आणि भारतातल्या आश्रमात जायच्या तयारीत आहे. तेही काम हाल्दोराचंच, म्हणजे आपल्या भाषेत डबल रोल. तंत्र जुनं आहे: कॅमेरा जागेवर घट्ट बसवायचा, एकदा एका बाजूचं काम चित्रित करायचं, मग कपडे बदलून दुसऱ्या बाजूचं, आणि दोन्ही अर्धे जोडायचे. पाठमोऱ्या दृश्यात दुसरी बाई उभी करायची. संगणकाने आता जोड दिसेनासा केला आहे. पण नटाचं ओझं संगणक हलकं करत नाही. समोर कुणी नसताना, आपणच मघाशी किती थांबलो होतो ते आठवून, तेवढ्याच जागेवर उत्तर द्यावं लागतं. बहुतेक वेळा डबल रोलमध्ये एक बहीण गरीब आणि दुसरी तोरेबाज असते, म्हणजे फरक ठळक. इथे दोघीही शहाण्या, दोघींनाही जग सुधारायचं आहे. एकीला बाहेरून, दुसरीला आतून. हाल्लाचं शरीर सतत कशाच्या तरी दिशेने झुकलेलं, आउसाचं जागेवर बसलेलं. माझ्या मते आउसाचं काम जास्त अवघड आहे, आणि त्याबद्दल फार कमी लिहिलं गेलं.

मे २०१८ मध्ये हा चित्रपट कान महोत्सवात समीक्षक सप्ताहात दाखवला गेला. त्याच वर्षी त्याला नॉर्डिक परिषदेचं चित्रपट पारितोषिक आणि युरोपीय संसदेचं लक्स पारितोषिक मिळालं. युरोपियन फिल्म ॲवॉर्ड्समध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीच्या नामांकनात हाल्दोरा होती, आणि मायदेशात तिला एद्दा हा चित्रपट-पुरस्कार मिळाला. अमेरिकी अभिनेत्री-दिग्दर्शिका जोडी फॉस्टरने इंग्रजी आवृत्ती करण्याची घोषणा केली.

हाल्ला या नावाचीही एक गोष्ट आहे. अठराव्या शतकात आइसलँडमध्ये फ्यात्ला-एविन्दुर आणि त्याची बायको हाल्ला हे दोघे कायद्याबाहेर पडले आणि वर्षानुवर्षं याच निर्जन पठारावर लपून राहिले. योहान सिगुर्योन्सन या नाटककाराने त्यांच्यावर नाटक लिहिलं. रेक्याविक नाट्यमंडळाने ते १९११ च्या नाताळात इद्नोमध्ये केलं, आणि १९१८ मध्ये स्वीडनमध्ये त्यावर मूकपट निघाला. आइसलँडच्या नटीसाठी हाल्ला ही मोठी भूमिका. आणि त्या नाटकातला सर्वांत भयंकर क्षण असा: पाठलाग करणारे जवळ येतात आणि हाल्ला आपलं लहान मूल धबधब्यात फेकून देते, त्यांच्या हाती लागू नये म्हणून.

बेनेदिक्त आणि हाल्दोरा, दोघेही याच रंगभूमीचे. त्यांनी आपल्या बाईचं नाव हाल्ला ठेवलं.

इथून पुढे शेवट सांगते आहे, ज्यांना आधी चित्रपट बघायचा आहे त्यांनी इथेच थांबावं. हाल्ला पकडली जाते. आउसा तुरुंगात भेटायला येते, वीज जाते, अंधारात दोघी कपडे बदलतात. आश्रमात काय आणि कोठडीत काय, ध्यान करता येईल, म्हणून आउसा आत राहते. हाल्ला युक्रेनला पोचते, निकाला घेते. परतीच्या वाटेवर पुराचं पाणी रस्त्यावर आलेलं असतं आणि बस थांबते. प्रवासी उतरतात. हाल्ला मुलीला अंगाशी धरते आणि कमरेएवढ्या पाण्यात पाय टाकते. मागून ते तीन वादक आणि त्या तीन गायिका पाण्यातून येत असतात. १९११ मधल्या हाल्लाने पाण्यात सोडलेलं मूल एकशे सात वर्षांनी ही हाल्ला उचलून नेते आहे. हाल्दोराच्या चेहऱ्यावर त्या वेळी विजय नसतो. पुढचं पाऊल कुठे टाकायचं, एवढंच ती बघत असते.